सडकेखालचा पाइप

रिकामा न्हावी भिंतीला तुंबड्या लावी, तशी आमची गत. अर्जुनी मोरगावात माझं मोबाइल दुरुस्तीचं दुकान, दुपारी ओस. उन्हाळी धानाची रोवणी आटोपलेली, म्हणून माझे दोस्त गजेंद्र आणि देवानंदही मोकळे. कंटाळून आम्ही सिनेमा काढायला घेतला. जिवावरचे खेळ करायचे आणि लोकांना हसवायचं.

आजचा खेळ नहराचा होता. सडकेखालून जाणाऱ्या सिमेंटच्या पाइपातून, नहराच्या गेटातून सुटलेलं पाणी पोचायच्या आत सरपटत पार व्हायचं. मी खालच्या तोंडाशी मोबाइल धरून बसलो. देवानंद सडकेवरून पाण्यावर नजर ठेवून होता.

"मी येऊन राहिलो बे!" गजेंद्र वरच्या तोंडातून आत शिरताना ओरडला.

थोड्या वेळानं तो बाहेर आला. मी शिट्टी मारली. देवानंदही धावत खाली आला.

"झालं," गजेंद्र म्हणाला. "मी घरी जातोय."

देवानंद खदखदून हसला. "जातोय? पाइपातून पुण्याले जाऊन आला का बे? जाऊन राहिलो म्हण न!"

गजेंद्र हसला नाही. पाइपात वीतभर चिखल होता आणि त्याचा सदरा स्वच्छ होता. मला ते मुळीच आवडलं नाही.

तेवढ्यात पाइपातून आवाज आला. "थांबा बे... येऊन राहिलो."

आवाज घुमला असेल, अशी मी स्वतःची समजूत घातली.

"गजू?" मी आत तोंड घालून हाक मारली.

"उमेंद्र, पाय अटकला. पानी आलं का?"

देवानंद गेट बंद करायला धावत सुटला. मी खांद्यापर्यंत हात आत घातला. बोटांना बोटं लागली, ऊबदार. मी ती घट्ट धरली.

मागून गजेंद्र शांतपणे म्हणाला, "सोड त्याला. तूही बुडशील."

मी सोडलं नाही.

पाणी आलं.

हात सुटला.

गेट बंद झाल्यावर देवानंदनं पाइपात टॉर्च मारली. आरपार उजेड. आत कुणीच नव्हतं. नहरातही नव्हतं. गजेंद्र तर आमच्यासमोरच उभा होता, मग बोंब तरी कुणाच्या नावानं मारायची? आम्ही त्याला घरी नेलं.

त्याच्या आईनं, रुख्माकाकींनी, त्याला भात-भाजी वाढली. तो खाली मान घालून जेवत बसला. काकी पदराला हात पुसत दारात आल्या आणि आवाज खाली आणून मला म्हणाल्या,

"पावन्याले वाढलं, बापू. गजू कोठी हाये?"