बाहेरून आणलेले चार टायर

"बाहेरून घेतलेले टायर बसवून देता का?" असा फोन आला की माझ्या डोक्यात तिडीक जाते. दिवसातून चार-पाच वेळा तरी जाते. माणूस कुठल्यातरी लांबच्या गोदामातून स्वस्तात टायर मागवतो, ते दारात येऊन पडले की त्याच्या ध्यानात येतं की हे काही आपल्या हातानं बसवता येत नाहीत, आणि मग त्याला आमची आठवण होते. नफा दुसऱ्याला, हमाली आम्हाला. आमच्या रस्त्यावरची बरीच दुकानं सरळ नाही म्हणतात. मी नाही म्हणत नाही. मी दर सांगतो.

आमच्याकडून घेतलेला टायर आम्ही फुकट बसवतो. बाहेरचा असेल तर जुना उतरवायचे वेगळे, नवा चढवायचे वेगळे, बॅलन्सिंगचे वेगळे, व्हॉल्व्हचे वेगळे आणि जुना टायर इथेच टाकून जायचा असेल तर त्याचे वेगळे. ऐकता ऐकता समोरच्याचं तोंड एवढंसं होतं. मला त्यात बरं वाटतं, उगाच कशाला खोटं बोलू? वर एका कागदावर सही घेतो: टायर ग्राहकाने स्वतः आणले आहेत, बसवल्यानंतर कोणतीही तक्रार ऐकली जाणार नाही. मजकूर मीच लिहिलाय.

दुकान म्हणजे दोन गाड्या मावतील एवढी पत्र्याची शेड. एका बाजूला गाडी उचलायची लिफ्ट, मागे टायर चढवायचं आणि बॅलन्सिंगचं अशी दोन मशीन, कोपऱ्यात हवेचा कॉम्प्रेसर. पुढे काचेचं काउंटर, त्यामागे मी. बाकी सगळं काम माझा मेहुणा करतो. बायकोचा धाकटा भाऊ. मी त्याला राजे म्हणतो, कारण सकाळी दहाच्या आत तो कधी उगवत नाही.

पण त्याच्या उजव्या हाताला तोड नाही. बाहेरचा टायर रिमवर चढवण्याआधी आतून तपासावा लागतो. दुकानातला माल आल्या दिवशीच पाहिलेला असतो, बाहेरच्याचा भरवसा काय? मेहुणा टायर उभा धरतो, हात आत घालतो आणि उघड्या तळहातानं एक पूर्ण फेरा मारतो. सुईच्या टोकाएवढी तार असली तरी त्याला कळते. हातमोजा घातला की कळत नाही म्हणतो. त्याच्या ह्या हातावर दुकान चाललंय, हे मी त्याच्या तोंडावर कधी बोललो नाही. बोललो असतो तर राजे अकरा वाजता आले असते.

सहा वर्षांपूर्वी हाच हात मशीनमध्ये सापडला होता. घाई मी केली होती. अंगठ्याच्या मुळापासून मनगटापर्यंत बावीस टाके पडले. तेव्हा दवाखान्याच्या व्हरांड्यात बायको मला म्हणाली होती, "पुन्हा त्याच्या हाताला काही झालं, तर मी तुमचं तोंड बघणार नाही." ती उगाच काही बोलत नाही. भाऊ तिनंच लहानाचा मोठा केलेला.

त्या मंगळवारी सकाळी अकराच्या सुमाराला एक राखाडी गाडी शेडसमोर येऊन थांबली. बाई उतरल्या. पन्नाशीच्या, कडक इस्त्रीचे कपडे, हातात पर्स नाही, मोबाइल नाही. मागचं दार उघडून त्यांनी मला चार टायर दाखवले. सीटवर दोन, डिकीत दोन.

"बसवून हवेत."

"आमच्याकडून घेतलेले नाहीत," मी म्हणालो.

"ते मलाही माहीत आहे. दर सांगा. आणि नसतील बसवायचे तर तसं सांगा. सात दुकानं झाली माझी सकाळपासून."

"सातांनी नाही म्हटलं?"

"आधी हो म्हटलं. मग नाही म्हटलं."

बोलण्याची ढब अशी की जणू मीच त्यांचे टायर चोरले होते. मी नेहमीच्या दुप्पट दर सांगितला. "चालेल," त्या म्हणाल्या. जे गिऱ्हाईक घासाघीस करत नाही त्याच्याविषयी मला आधी संशय येतो, मग राग येतो. मी व्हॉल्व्हचे आणखी वाढवले. "चालेल." जुने टायर टाकायचे वाढवले. "चालेल. तपासतो कोण?"

मी मेहुण्याकडे बोट दाखवलं. बाईंनी त्याच्या चेहऱ्याकडे पाहिलंच नाही. हाताकडे पाहिलं. मग कागदावर सही केली, खाली फोन नंबर लिहिला आणि बाकावर ताठ बसल्या.

टायर नवे होते. अंगावरची रबराची बारीक केसं अजून तशीच होती. माप बरोबर होतं. कंपनीचं नाव मात्र कुठेच नव्हतं, आणि नव्या रबराचा तो घशात बसणारा वासही नव्हता. बरेच दिवस न उघडलेल्या कपाटाचा येतो तसा वास होता. गाडीत थंडगार एसी चालू होता, तरी टायर हाताला कोमट लागले. उन्हात ठेवले असतील, मी मनाशी म्हटलं.

मेहुण्यानं पहिला टायर उभा धरला, हात आत घातला, फेरा सुरू केला आणि अर्ध्यातच थांबला.

"खिळा?" मी काउंटरवरूनच विचारलं.

"नाही." त्यानं पुन्हा पहिल्यापासून फेरा मारला. ह्या वेळी सावकाश. मग माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाला, "दाजी, आत कोणीतरी माझ्यापुढे हात फिरवतंय."

"काय?"

"मी थांबलो की ते थांबतं. पुढे सरसर वाजतं. ऐका ना तुम्ही."

"राजे, झोप पुरी होत नसेल तर लवकर झोपत जा. चढव तो टायर."

माझा आवाज बाईंपर्यंत जाईल असाच होता. बाईंनी मान वर केली नाही. मेहुण्यानं टायर चढवला. बॅलन्सिंगच्या मशीनवर चाक फिरवलं तर दोन्ही बाजूंना शून्य आलं. नव्या टायरला पाच-दहा ग्रॅम शिसं चिकटवावंच लागतं. एकदम शून्य मी बत्तीस वर्षांत पाहिलेलं नव्हतं. मशीन बिघडलं असेल म्हणून एक जुनं चाक लावून बघितलं. त्याला मशीननं पंचवीस ग्रॅम मागितले. मशीन ठीक होतं.

दुसऱ्या टायरला त्यानं फेरा भरभर मारला, एखाद्याला गाठायचं असावं तसा. हात बाहेर काढला तेव्हा त्याच्या कपाळावर घाम होता.

"आता अगदी जवळ होतं," तो म्हणाला. "दाजी, एकदा तुम्ही हात घालून बघा."

"मी हात घालायचा तर तुला ठेवलाय कशाला?"

खरं सांगायचं तर मला भीती वाटली होती. पण भीती वाटली की मी ओरडतो. हा माझा जुना स्वभाव आहे आणि बायको त्यावरून मला रोज टोचते.

तिसऱ्या टायरला तो अर्ध्यावर थांबला आणि तसाच उभा राहिला. कॉम्प्रेसर नेमका तेव्हाच बंद पडला होता. शेडमध्ये खरोखरच सरसर ऐकू आलं. कोरडा तळहात रबरावरून फिरतो तेव्हा येतो तेवढाच आवाज. मेहुण्याचा हात हलत नव्हता.

त्यानं हात बाहेर काढला, माझ्यासमोर धरला.

"माझ्या टाक्यांवरून बोट फिरवलं त्यानं," तो म्हणाला. "एकेक टाका मोजल्यासारखं."

मी हात उलटसुलट करून पाहिला. टाक्यांचा व्रण नव्हता. सहा वर्षं रोज माझ्या डोळ्यांसमोर असलेली ती गुलाबी रेघ, जी बघून मी मान फिरवायचो, तिथे नुसती गुळगुळीत कातडी होती. बोटांच्या चिरांत बसलेलं वर्षानुवर्षांचं काळंही गेलं होतं.

"चांगलं झालं की मग," मी म्हणालो. माझाच आवाज मला बारीक वाटला.

"दाजी, चौथा मी बसवणार नाही."

"का?" बाकावरून बाई बोलल्या. पहिल्यांदाच. "तीन चाकांवर नेऊ मी गाडी?"

"मॅडम, थोडं थांबा," मी म्हणालो.

"सातही दुकानांत हेच झालं. तिथे निदान पहिल्याच टायरला घाबरले. तुम्ही दर वाढवायला बरे घाबरला नाहीत."

माझं डोकं फिरलं. बाईंवर नाही फिरलं, मेहुण्यावर फिरलं. नेहमी असंच होतं. जो ऐकून घेतो त्याच्यावर मी चालून जातो. मी काउंटरमागून बाहेर आलो, चौथा टायर स्वतः उचलून त्याच्यापुढे उभा केला आणि म्हणालो, "चारचौघांत माझी शोभा करतोस? बसवायचा नसेल तर चालायला लाग. ताईला जाऊन सांग, कामावरून काढलं म्हणून."

तो माझ्याकडे बघत राहिला. ताईचं नाव काढलं की तो बोलत नाही, हे ठाऊक होतं म्हणूनच मी ते काढलं होतं.

त्यानं हात घातला.

टायरची पोकळी वीतभर असते. त्याचं मनगट आत गेलं. मग कोपर गेलं.

मी टायर पलीकडून धरलेला होता. माझ्या बाजूला काही आलं नाही. रबराला फुगवटासुद्धा नाही.

त्याचा खांदा काठाला टेकला. गाल टायरवर दाबला गेला होता. डोळे माझ्या डोळ्यांपासून हातभर अंतरावर होते.

"काढ," मी म्हणालो. "काढ हात. राहू दे."

"सोडत नाहीये."

मी त्याच्या काखेत हात घालून मागे ओढलं. कसलाच जोर लागला नाही. हात सहज बाहेर आला. पाची बोटं होती, नखं होती, रक्ताचा थेंबही नव्हता.

"झालं," बाई म्हणाल्या.

मेहुण्यानं चौथा टायर निमूटपणे चढवला. शून्य. चाकं लावली, नट आवळले, गाडी खाली घेतली. बाईंनी पैसे दिले आणि गाडीत बसल्या. शेडमधून रस्त्यावर वळताना मागच्या डाव्या चाकाचा आवाज आला. थप. मग चाक एकदा पूर्ण फिरल्यावर पुन्हा थप. ओल्या फरशीवर कोणी पंजा आपटावा तसा. टायरमध्ये दगड अडकला असेल, असं मी मोठ्यानं म्हणालो. तिथे ऐकायला मेहुण्याशिवाय कोणी नव्हतं.

त्यानंतर पंक्चर काढायला एक गिऱ्हाईक आलं. दुकानातलाच टायर, ओळखीचा माणूस. मेहुण्यानं आतून तीन फेरे मारले आणि काही नाही म्हणाला. मी हात घातला तर पहिल्याच झटक्यात खिळा लागला, चांगला बोटभर. त्याचा हात त्यावरून तीनदा गेला होता. मी खिळा उपटला. गिऱ्हाइकाला वाटेला लावलं.

एक वाजता बायको डबा घेऊन आली. मेहुणा बाकावर बसून उजव्या तळहातावर फुंकर घालत होता.

"भाजलं का रे?" तिनं डबा खाली ठेवला आणि त्याचा हात हातात घेतला. व्रण नाही हे तिला लगेच दिसलं. तिनं माझ्याकडे पाहिलं. मी काउंटरवरचे कागद नीट लावू लागलो.

"किती गार पडलाय," ती म्हणाली. हात चोळू लागली. "आता? आता बरं वाटतंय?"

"ताई, तू धरलायस ते मला दिसतंय," तो म्हणाला. "कळत नाहीये."

"मग काय होतंय तुला?"

त्यानं डोळे मिटले. "रस्ता लागतोय."

"कसला रस्ता?"

"डांबर आहे. तापलेलं आहे. मघाशी खडी होती." त्याचा खांदा एकदम आक्रसला. "खड्डा."

बाईंनी सही केलेला कागद माझ्या हातात होता. खालचा नंबर मी फिरवला. दुसऱ्या घंटेला बाईंनी उचलला. मागे गाडीचा आवाज होता.

"मॅडम, परत या," मी म्हणालो. "गाडी आहे तिथे उभी करा. पैसे परत देतो. चार टायर माझ्याकडचे नवे देतो, फुकट बसवून देतो. पाया पडतो तुमच्या."

"बसवल्यानंतर कोणतीही तक्रार ऐकली जाणार नाही," त्या म्हणाल्या. "अक्षर छान आहे तुमचं."

फोन बंद झाला. पुन्हा लावला तर घंटाही गेली नाही.

"थांबली होती जरा," मेहुणा म्हणाला. "आता निघाली." मग थोड्या वेळानं, "वळली." मग त्याचा श्वास भरभर होऊ लागला. "ताई, मोठ्या रस्त्याला लागली ती. ताई, फुंकर घाल ना."

बायको खाली बसली. त्याचा हात मांडीवर घेऊन ती फुंकर घालू लागली. त्या स्वच्छ, कोऱ्या तळहातावर काहीच नव्हतं. तो मात्र दात आवळून डोलत होता, एका लयीत. चाक फिरतं त्या लयीत.

तिनं मान वर केली. डोळ्यांत पाणी होतं, पण आवाज दवाखान्याच्या व्हरांड्यातला होता.

"काय केलंत तुम्ही? किती वेळ चालणार हे?"

चांगला टायर चाळीस हजार किलोमीटर जातो. मी तिला ते सांगितलं नाही. मेहुण्याला ठाऊक होतं.