एक शब्द कमी

माझ्याच पुस्तकात माझ्यादेखत कुणीतरी पेनाने काहीतरी लिहीत होतं, आणि मी ते निमूटपणे बघत राहावं अशी देवाची इच्छा असती, तर त्याने मला माझ्या आईच्या पोटी घातलं नसतं.

पुस्तकांच्या दुकानात कादंबऱ्यांच्या कपाटाशी मी उभी होते. खरेदीला नव्हे. ‘आभाळनदीच्या पार’ बाजारात आल्यापासून कामावरून सुटले की मी तिथे डोकावायचे, आणि दुसऱ्याच कुठल्यातरी पुस्तकात डोकं खुपसून आपलं पुस्तक कोण उचलतंय ते बघायचे. हसू नका. पहिला भाग लोकांनी डोक्यावर घेतल्यावर दुसऱ्या भागाची काय धास्ती असते, ते लिहिणाऱ्यालाच ठाऊक.

पण दुसरा भागही उचलला होता वाचकांनी. माझा फोन नुसता किणकिणत होता. ‘ताई, बसमध्ये वाचत होते, माझा स्टॉप गेला.’ ‘ड्रॅगनचं पुढे काय झालं ते सांगायची तसदी घ्याल का?’ ‘मधे जरा पाल्हाळ झालंय, पण शेवटच्या ओळीसाठी सगळं माफ.’ शेवटची ओळ, शेवटची ओळ… जो तो तिच्याचबद्दल बोलत होता. आईने तर अख्ख्या इमारतीला ऐकवलं होतं, की अशी ओळ लिहायला मुळात घरचं वळण लागतं. मी हवेत होते. एकच गोष्ट खटकायची. ‘किती गोड शेवट’ असं लोक का म्हणतायत? मी तर सगळ्यांना रडवायला बसले होते.

आणि हा माणूस! उंच, चष्मा नाकावर घसरलेला, बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या. एक प्रत काढायची, शेवटचं पान उघडायचं, पेन टेकवायचं, शाईवर फुंकर मारायची, प्रत जागेवर ठेवायची. मग पुढची.

मी सरळ त्याचं मनगट धरलं. “काय चाललंय?”

“दुरुस्ती,” तो दचकून म्हणाला.

“अस्सं. लेखिकेला विचारलंत?”

तो माझ्याकडे बघतच राहिला. मनगट सोडवायचंही त्याला सुचलं नाही. “तुमचा आवाज…” तो म्हणाला. “तुम्ही… ‘अहो, जोडाक्षर नीट फोडा’वाल्या?”

आता माझी पाळी होती. तो आवाज मीही ओळखला. छापखान्यात पुस्तकाची अक्षरजुळणी करणारा, ज्याला सगळे ‘कानामात्रा’ म्हणतात, कारण त्याच्या हातून एक कानामात्रा इकडची तिकडे होत नाही. पुस्तक छापायला जाईपर्यंत आम्ही फोनवर अनुस्वारांवरून इतके भांडलो होतो, की त्याचा फोन आला नाही तर मला चुकल्यासारखं व्हायचं. चेहरा मात्र आज पहिल्यांदा बघत होते. बरा होता… म्हणजे, चांगलाच होता.

“मी सांगणारच होतो,” तो म्हणाला, आणि पान माझ्यापुढे धरलं.

छापलेलं पुस्तक मी कधी उघडून बघत नाही. चुका दिसतात म्हणून. त्यामुळे ती ओळ मी तेव्हा पहिल्यांदा वाचली.

‘पक्षी आले नाहीत. तरीही आभाळनदीच्या काठावर तो तिची वाट होता.’

“वाट… होता?”

“तुम्ही लिहिलं होतं ‘वाट पाहत होता’. मग शेवटच्या दिवशी फोन केलात. वरच्या ओळीत एक ‘पाहत’ आहे, म्हणून इथला काढा आणि ‘बघत’ घाला.”

“मग?”

“मी काढला.”

“आणि घातला नाहीत?”

“तेवढ्यात तुम्ही म्हणालात, आवाज किती थकलाय तुमचा, उठा आणि चहा घ्या आधी.” त्याचे कान लाल झाले. “मी उठलो. परत येईपर्यंत पानं छपाईला गेली होती. मला वाटलं, घातला होता.”

ज्यांनी ही कथा वाचलेली नाही त्यांच्यासाठी सांगते. चीनमधली ही फार जुनी पुराणकथा. स्वर्गात ढग विणणारी एक मुलगी पृथ्वीवरच्या गुराख्याच्या प्रेमात पडते. स्वर्गाची राणी चिडून केसातल्या काट्याने आभाळात रेघ ओढते. त्या रेघेची होते नदी. ती अलीकडे, तो पलीकडे. वर्षातून एकदा पक्ष्यांचा थवा पूल बांधतो, तेवढीच काय ती भेट. माझ्या दुसऱ्या भागात मी त्या पक्ष्यांना येऊच दिलं नाही. गुराखी काठावर वाट बघत बसतो, संपलं. असा माझा शेवट होता.

वाचकांनी वाचलं ते वेगळंच. पक्षी आले नाहीत म्हणून तो स्वतःच तिची वाट झाला. नदीवर आडवा झाला, पूल झाला. म्हणून शेवट गोड. लोक जिच्यावर जीव ओवाळून टाकत होते ती ओळ माझी नव्हतीच. माझ्या पायाखालची जमीन सरकली.

शेजारच्या कॅफेत मी त्याला फैलावर घेतलं. त्याने सगळं ऐकून घेतलं. “दुसऱ्या आवृत्तीत मी स्वतः दुरुस्त करतो,” तो म्हणाला. “प्रकाशकबाईंनाही सांगतो, चूक माझी म्हणून. आजवर माझ्या हातून एक शब्द गळला नव्हता. झोप लागत नाही हो मला.”

तेवढ्यात प्रकाशकबाईंचाच फोन आला. दुसरी आवृत्ती निघतेय, शेवटची ओळ मागच्या कव्हरवर मोठ्या अक्षरांत टाकायची, आणि रविवारी दुकानाच्या वरच्या मजल्यावर वाचकांची सभा आहे, ओळ कशी सुचली तेवढं छान तयार करून ये.

मी “बरं” म्हटलं.

त्याने सगळं ऐकलं होतं. “मी तोंड उघडणार नाही,” तो हळूच म्हणाला. “ओळ तुमची. पण एक सांगू? तुमचा मूळ शेवट मला आवडला नव्हता.”

“काय?”

“पानं लावताना वाटायचं, हा नुसता बसून काय राहतो? मी असतो तर…”

“तुम्ही असतात तर?”

त्याने कपाकडे बघितलं. “तुमची कॉफी गार होतेय.”

मी हसले. आणि हसले म्हणून स्वतःवरच चिडले.

रविवारी वरचा मजला गच्च भरला होता. पहिल्या रांगेत आई, ठेवणीतली साडी नेसून, शेजाऱ्यापाजाऱ्यांसकट. सगळ्यात मागे, दाराशी, कानामात्रा. मी मनात ठरवून आले होते, गोल गोल बोलायचं. एक रात्र झोप आली नाही, खिडकीशी उभी होते, ओळ सुचली… वगैरे. कुणाला कळणार होतं?

मग एक नर्स उठली. ड्युटीवरून तशीच आली होती, पांढऱ्या गणवेशात. “माझा नवरा दुसऱ्या गावी नोकरीला असतो,” ती म्हणाली. “आम्ही दोघं नुसती वाट बघत बसलो होतो, कधी जमेल, कसं जमेल. तुमची ओळ वाचली आणि म्हटलं, बास. मीच बदली मागितली. पुढच्या महिन्यात जातेय. मॅडम, ही ओळ तुम्हाला सुचली कशी?”

आई मागे वळून सगळ्यांकडे बघत होती. तिचा चेहरा नुसता फुलला होता. मी दाराकडे पाहिलं. कानामात्राने मान अगदी किंचित हलवली. सांगू नका.

आणि नेमका तिथेच माझा पीळ आडवा आला. मी काय कुणाचा एक शब्द ढापून मोठी होणार? चारशे पानं लिहिली आहेत मी, स्वतःच्या हिमतीवर.

“मला सुचली नाही हो,” मी म्हटलं. “एक शब्द राहून गेला, आणि ती झाली.” आणि सगळं सांगितलं. पाहत, बघत, चहा, सगळं. “मी त्या बिचाऱ्याला काठावर बसवून ठेवलं होतं. तो वाट झाला तो छापखान्यात. आणि त्याला वाट केलंत तुम्ही, वाचणाऱ्यांनी. ज्यांच्या हातून तो शब्द गळला ते तिथे दाराशी उभे आहेत, आणि त्यांना माझ्यापेक्षा जास्त लाज वाटतेय. ती त्यांनी आता सोडावी.”

मग नर्स म्हणाली, “म्हणजे नव्या आवृत्तीत तो शब्द परत घालणार?”

“मुळीच नाही. पुस्तकाचा मला अभिमान आहे, आणि ही ओळ आहे तशी ठेवतेय याचा त्याहून जास्त. आभार मानायच्या पानावर मात्र छापखान्याचं नाव जाईल.”

टाळ्या आधी आईने वाजवल्या, आणि मग थांबेचनात. खरं सांगते, पहिल्या भागाला बक्षीस मिळालं तेव्हाही मान इतकी ताठ झाली नव्हती. सह्या करताना आई कानाशी वाकली. “एका शब्दाचं श्रेय ज्याचं त्याला दिलंस आणि माझा ऊर भरून आला बघ. पण काय गं, तो चष्मेवाला मघापासून पुस्तकाकडे कमी आणि तुझ्याकडेच जास्त बघतोय.”

“आई, हळू.”

“मी हळूच बोलतेय.”

गर्दी पांगल्यावर मी जिना उतरू लागले. तो खालच्या पायरीशी उभा होता, खिशाला तेच पेन लावून.

“मी तुमची वाट बघत होतो,” तो म्हणाला.

“एक शब्द खोडा त्यातला.”

त्याचे ओठ हलले. वाक्य मनात जुळवून बघत होता. मग एकदम थांबला, आणि कान पुन्हा लाल झाले.

“मग… ‘होतो’ पण बदलावं लागेल.”

“बदला.”

“आणि ‘तुमची’?” तो एक पायरी वर चढला.

“तेही मला खटकतच होतं,” मी म्हटलं.

त्याने चष्मा वर सरकवला आणि शेवटचं प्रूफ वाचून दाखवतात तसं, एकेक अक्षर नीट उच्चारत म्हणाला, “मी तुझी वाट आहे.”

“बरोबर,” मी म्हटलं, आणि त्याचं मनगट धरलं. “आता यातलं काही गाळायचं नाही.”