शेवटचा शॉट राहिलेली नटी

केन, पडदा सरकव आणि गप ऐक. टोकियोच्या निशी-कसाईतला आमचा नंदकिशोर भुताखेतांच्या नावाने नाक मुरडणारा माणूस, म्हणूनच त्याची गोष्ट मी खरी मानतो.

गेल्या वर्षी चौदा नोव्हेंबरला त्याच्या आठ वर्षांच्या नैनाचं सिनेमातलं इवलंसं काम संपलं. शाळकरी मुलीची भूमिका. शेवटचा शॉट झाला की इथे रिवाज आहे: नाव पुकारतात, टाळ्या वाजवतात, फुलांचा गुच्छ देतात. नैनालाही मिळाला. ते बघून म्हाताऱ्या मेकअपमनला हारुए मिझुशिमा आठवल्या. सोळाव्या वर्षी पडद्यावर आलेली बाई, साठ वर्षं ऐतिहासिक सिनेमे गाजवले. अखेरच्या सिनेमाचा एकच शॉट उरला आणि याच स्टुडिओत वारली. किमोनो नेसवून, मानेला जुन्या रिवाजाचा पांढरा रंग लावून दुसरीच बाई पाठमोरी बसवली, काम उरकलं. गुच्छ बिचारीचा राहूनच गेला.

बाहेर पडल्यावर नैनाचं जॅकेट आत राहिल्याचं लक्षात आलं. साडेसात वाजले होते. बापलेक परत गेले. दिव्याचं बटण चाचपायला नंदकिशोरने तिचा हात सोडला. तेवढंच चुकलं.

"ओहायो गोझाइमास," अंधारातून बाईचा आवाज आला.

रात्री कसलं सुप्रभात? पण सिनेमावाले कामावर आले की केव्हाही असंच म्हणतात. त्यानेही सवयीने उत्तर दिलं.

बटण दाबलं. दिवा लागेना.

"नैना?"

"नैना!"

"हाय," पोरीने जपानीत ओ दिली. मोबाइलच्या उजेडात दिसली. सेटवर. पाठ करून बसलेली. ताठ.

"चल घरी."

"बाबा, हलू नको म्हणाल्या. आजींचा शॉट राहिलाय. मी पाठमोरी बसले की त्या घरी जाणार."

"आणि तू?"

नैनाने मांडीवरचा गुच्छ सावरला.

नंदकिशोर धावला, ओढली... पोर जागची हलेना. तेव्हा त्याने तिच्या मांडीवरचा गुच्छ उचलला. अंधारापुढे ठेवला. कमरेत वाकला.

"मिझुशिमा हारुए-सान... शेवटचा शॉट पूर्ण! ओत्सुकारेसामा देशिता! खूप श्रम घेतलेत!"

आणि टाळ्या वाजवल्या. रडत. एकट्याने.

मग... टाळ्या त्याच्या एकट्याच्या राहिल्या नाहीत.

दिवे लागले. नैना बापाला बिलगली. आत कुणीच नव्हतं.

घरी अनघा, त्याची बायको, लेकीचे केस विंचरायला बसली आणि थबकली. "अरे, हिला हे कुणी लावलं?"

चेहरा स्वच्छ. फक्त मानेवर, केसांखाली, पांढराशुभ्र रंग. ओला. पाठमोऱ्या बाईची जेवढी मान कॅमेऱ्याला दिसते, तेवढ्याच जागेवर.