जिराफचं कोपर

"तू मुद्दाम मारलंस ना?... बोल ना ताई, मुद्दामच मारलंस ना मला?"

धाकटी स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. नाकात कापसाचे दोन बोळे, डोळ्यांखाली काळंनिळं, टी-शर्टवर वाळून तपकिरी झालेलं रक्त, आणि तोंडानं श्वास घेत घेत ती हे विचारत होती! आणि ताई? ताई खुर्चीत तशीच बसून राहिली, टेबलाखाली एका हातानं स्वतःचा उजवा गुडघा गच्च आवळून धरलेला, आणि खाली बघत म्हणाली,

"हो. मारलं."

झालं! खिडकीजवळ आईचं शिलाई मशीन चालू होतं, ते खाडकन थांबलं. आईनं ताईकडे एकदा पाहिलं, नुसतं पाहिलं, आणि डबीतल्या चार टाचण्या काढून ओठांत धरल्या. आता ज्यांना आई माहीत नाही त्यांना सांगायला हवं, की लोकांचे कपडे उसवून-शिवून दोन पोरी वाढवलेल्या या बाईला भांडता येतच नाही. राग आला की ती तोंडात टाचण्या धरते. टाचण्या तोंडात असल्या की बोलता येत नाही, विषय संपला! एकदा तर शेजारणीवरच्या रागात दोन दिवस धरल्या होत्या, जेवणापुरत्या काढायची फक्त.

पण ताईनं "हो" का म्हटलं?... खरं सांगायचं तर तिनं मुद्दाम मारलंच नव्हतं!

त्याचं असं झालं. दोघी बहिणी बास्केटबॉलच्या. म्हणजे हौस म्हणून नाही हं, व्यवसाय म्हणून, एकाच टीमकडून, करार-बिरार करून. सहा वर्षं ताई त्या टीमचा जीव की प्राण होती. धाकटीला तिनंच शिकवलं, घरामागच्या भिंतीला तळ फुटलेली बादली ठोकून. धाकटीचं घरातलं नाव बुटकी. उंची सहा फूट एक इंच, दाराच्या चौकटीला डोकं आपटतं, तरी बुटकीच! मग दोन वर्षांपूर्वी ताईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं, सहा महिने ती अंथरुणात, आणि ती परत आली तेव्हा तिची जागा भरली गेली होती. कुणी घेतली जागा? बुटकीनं. आता कुणावर चिडायचं सांगा!

टीमचे कोच, म्हणजे सर, म्हणाले, "पोरी, बाहेर बसून कुढण्यापेक्षा एक काम करतेस? सरावात समोरची टीम होशील?"

म्हणजे काय, तर पुढची मॅच ज्यांच्याशी, त्यांची जी सगळ्यात भारी खेळाडू असेल, तिची नक्कल करायची. तिच्यासारखं धावायचं, तिच्यासारखं वळायचं, तिच्यासारखंच टोचून बोलायचं, म्हणजे आपल्या पोरींना सवय होते. ताईला एक जुनं करडं बनियन मिळालं. त्यावर पांढऱ्या चिकटपट्टीनं दर आठवड्याला नवा नंबर, आज सात, पुढच्या सोमवारी बावीस. आणि ताई काय नक्कल करायची, अहाहा! हुबेहूब! घरी आली तरी अंगात तीच बाई असायची. एक आठवडा पाय फेंगडे टाकत फिरली, तर एक आठवडा सगळ्यांना नाक उडवून उत्तरं. आई ताट मांडता मांडता विचारायची, "आज कोण आलंय गं जेवायला?" आणि तिघी हसून हसून लोटपोट.

पण त्या दीड वर्षात मॅचच्या दिवशी ताईला कुणी कधी बाकावरसुद्धा बसवलं नाही. सरावातल्या खेळाडूंना बाक नसतो. टाळ्या तर सोडाच.

मग आली फायनल. समोर जिराफ! खरं नाव कुणी घेतच नसे तिचं, नुसतं जिराफ म्हटलं की पोरी आपोआप एक पाऊल मागे सरायच्या. ताईनं तिच्या जुन्या मॅचेस पुन्हा पुन्हा लावून पाहिल्या, आणि एका संध्याकाळी ती एकदम ताठ बसली. जिराफ चेंडू दोनदा खाली आपटते, डावा खांदा पाडते, आणि वळता वळता तिचं कोपर मागच्या मुलीच्या तोंडावर येतं! रेफ्रीला दिसतच नाही, पाठ आड येते ना. तीन मुलींना लागलं होतं ते कोपर... एकीचा तर डोळा अधू झाला.

ताईनं धावत जाऊन सरांना सांगितलं. सर म्हणाले, "बुटकीला सांगू नकोस. सांगितलंस तर ती विचार करत बसेल, आणि तिथे विचार करायला वेळ नसतो. तिच्या अंगाला शिकव."

म्हणून सोमवारी ताईनं जिराफचा चौदा नंबर चिकटवला. दोनदा चेंडू, डावा खांदा, कोपर... दोन बोटं अंतर ठेवून! अगदी मोजून! सात वेळा कोपर हवेतून गेलं. आणि आठव्या वेळी वळताना उजव्या गुडघ्यात काहीतरी तटकन तुटलं, आधारच गेला, सगळं अंग मागं कलंडलं आणि कोपर धाडदिशी बुटकीच्या नाकावर!

मग टेबलाशी बसून ताई काय म्हणणार होती? "माझा गुडघा गेला" म्हणाली असती, तर बुटकीच्या तोंडात तीळ भिजत नाही, पाचव्या मिनिटाला टीमच्या डॉक्टरीणबाईंना कळलं असतं, आणि सहाव्या मिनिटाला ताई सरावाबाहेर. मग जिराफ कोण होणार? शनिवारपर्यंत बुटकीला वाकायला कोण शिकवणार? म्हणून ती "हो" म्हणाली. एका शब्दात बहीणही गेली आणि आईही.

"जागा गेली म्हणून जळतेस," बुटकी म्हणाली. "सरळ सांगायचं होतंस गं मला... मी सोडली असती जागा!"

ताईला उठून तिला जवळ घ्यायचं होतं. पण ती जागची हलली नाही. हलली असती तर लंगडली असती ना!

पुढचे चार दिवस! गुडघ्याला गच्च पट्टी, वर लांब पँट, गोळ्या गिळून ताई सरावाला जायची, आणि बुटकी नाकावर मुखवटा बांधून तिच्यासमोर उभी राहायची, नजरेत नुसता जाळ. टीममधल्या पोरी ताईशी बोलेनाशा झाल्या. सरांनी तेवढं तिचं लंगडणं ओळखलं होतं, पण तेही मान खाली घालून शिट्टी वाजवत राहिले. दोनदा चेंडू, खांदा, कोपर... आणि बुटकी वाकायला लागली! रागानं वाकत होती, तिरस्कारानं वाकत होती, पण वाकत होती. प्रत्येक वेळी ती वाकली की ताईच्या मनात आनंदाचा हुंदका दाटून यायचा, आणि चेहऱ्यावर मात्र जिराफचं ते कुत्सित हसू ठेवावं लागायचं...

शनिवारी बुटकीनं निघताना दाराशी एक तिकीट ठेवलं. बोलली नाही, नुसतं ठेवलं. हॉलच्या गॅलरीला चाळीस पायऱ्या. ताई म्हणाली, "मला नाही यायचं." बुटकी बॅग उचलून निघून गेली. बघा, हेसुद्धा ताईच्याच माथी!

मग टीव्हीसमोर दोघीच. आई कुणाच्या तरी पँटची दुमड घालत, तोंडात टाचण्या. ताई पाय स्टुलावर ठेवून, वर चादर. दोघींमध्ये सहा हातांचं अंतर आणि अक्षरही नाही.

शेवटची चार मिनिटं उरली. जिराफकडे चेंडू आला, मागे बुटकी चिकटलेली. एकदा आपटला. दोनदा आपटला. डावा खांदा पडला...

"वाक!" ताई किंचाळली. "वाक गं बाई, वाक!"

अहो, कोसावरच्या हॉलमध्ये काय ऐकू जाणार! काहीसुद्धा करता येत नव्हतं तिला, काहीसुद्धा. पण बुटकी वाकली. कोपर तिच्या केसांवरून गेलं, जिराफचा तोल गेला, आणि चेंडू बुटकीच्या हातात! समालोचक ओरडला, काय विलक्षण चपळाई! पण बुटकी पळालीच नाही. क्षणभर चेंडू धरून नुसती उभी राहिली. तिनं जिराफच्या कोपराकडे पाहिलं, मग हात स्वतःच्या नाकाकडे गेला, आणि पडद्यावर, सगळ्यांसमोर, तिचा चेहरा एखाद्या लहान मुलीसारखा वाकडा झाला...

इकडे ताई भान विसरून उठली होती. गुडघ्यानं दगा दिला, ती धाडकन जमिनीवर, चादर बाजूला. आई धावली. पँटचा पाय वर सारला तर गुडघा उशीएवढा सुजलेला, काळानिळा, आणि सूज चार-पाच दिवसांची आहे हे कुणालाही कळलं असतं. आईला ओरडतासुद्धा आलं नाही. हातातलं कुणाचं तरी कापड टराटरा फाडून ती गुडघ्याला गुंडाळत राहिली, डोळ्यांतून पाणी घळाघळा. टाचण्या तोंडातच राहिल्या. आधी रागानं होत्या, आता लाजेनं.

मॅच हरली टीम. तीन गुणांनी. त्या धावपळीत घरात कुणी निकाल पाहिलाच नाही.

सकाळी बुटकी आली ती बॅगेसकट थेट ताईच्या पलंगाशी. सरांनी रात्री तिला सगळं सांगितलं होतं. टीमच्या डॉक्टरीणबाईंना ती सोबतच घेऊन आली होती. त्यांनी गुडघा तपासला, चष्मा काढून पुसला आणि हळूच म्हणाल्या, "चालता येईल. कोर्ट मात्र... आता नाही."

त्या गेल्या.

"एकदा बोलायचंस ना गं!" बुटकी हुंदके देत म्हणाली. "मी काय काय बोलले तुला..."

"नाक दुखतंय का अजून?"

"मरू दे नाक! तुझा गुडघा गेला ताई! माझ्यापायी गेला!"

"तुझं नाक सरळ बसलंय," ताई तिच्या चेहऱ्यावरून बोट फिरवत म्हणाली. "थोडंसं वाकडं आहे, पण तसं ते आधीपासूनच होतं."

बुटकी रडता रडता हसली आणि हसता हसता आणखीच रडली. मग तिनं बॅगेतून ते करडं बनियन काढलं. चौदातला एक आणि चार, दोन्ही नखांनी ओरबाडून काढले. चिकटपट्टीचं रीळही आणलं होतं तिनं.

"आता तुझा नंबर लावते. तुझा स्वतःचा. काय होता गं तुझा, आधी, खेळायचीस तेव्हा?"

ताईनं तोंड उघडलं. सात?... सात त्या फेंगडीचा. बावीस, अकरा, तीस... सगळ्या जणी डोळ्यांपुढून धावत गेल्या, त्यांची चाल, त्यांचे खांदे, त्यांचं हसू. आपला कोणता?...

"आठवेना गं," ती म्हणाली.

खिडकीजवळ मशीन थांबलेलंच होतं. आईनं तोंडातल्या टाचण्या एकेक करून काढल्या, चारही, डबीत ठेवल्या, आणि सहा दिवसांनी पहिल्यांदा बोलली.

"नऊ."