चावडीवरचं पोतं

मेझ्यान डोंगरातल्या आजोळी सिनेमा काढायला आला, तेव्हा गावाने त्याला अंजीर दिले, तेलात बुडवलेली भाकरी दिली. उत्तर मात्र कोणी दिलं नाही.

अल्जीरियाच्या स्वातंत्र्ययुद्धात फ्रेंच सैनिक एका माणसाच्या डोक्यावर पोतं चढवून त्याला चावडीवर आणत. पोत्याला डोळ्यांपुरती दोन भोकं. रांगेत उभ्या केलेल्या गावकऱ्यांपैकी ज्याच्यासमोर तो मान डोलावी, तो पुन्हा घरी येत नसे. हा फितूर गावातलाच, एवढं सगळे मान्य करत. पुढे विचारलं की मूग गिळून गप्प. पण हुतात्म्यांच्या दगडावर युद्धातच गेलेल्या मेझ्यानच्या आजोबांचं, अक्लींचं, नाव कोरलेलं नव्हतं, आणि त्यांची लेक, म्हणजे मेझ्यानची आई, तेच फितूर होते या कुजबुजीपायी जन्मभर माहेरी फिरकली नाही. तो कलंक पुसायचा, म्हणून हा सिनेमा.

मेझ्यानचा संशय तेलघाणीवाल्या दा बेलाईदच्या बापावर होता. म्हणून सिनेमात पोतं घालायचं काम त्याने मुद्दाम बेलाईदलाच सांगितलं.

"मी?" बेलाईद हसला. "अरे, तुझ्याच घरचं पोतं, तूच घाल की!"

सिनेमासाठी रांगेत उभे केलेले गावातले म्हातारे खाली बघून खोकले. चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय, असं मेझ्यानला वाटलं. शेवटी अल्जीयर्सहून आणलेला नट लुनिस तयार झाला आणि पोतं घेऊन तेलघाणीमागे गेला.

दुपारचं धुकं दरीतून वर चढत होतं. मेझ्यानने स्वतः कॅमेरा धरला. पोतं घातलेला माणूस चावडीवर आला. सावकाश. चिखलात त्याची पावलं वाजत नव्हती, पोत्यातला श्वास मात्र ऐकू येत होता... सकाळी ज्या म्हाताऱ्यांना मेझ्यानने घाबरायचं कसं ते शिकवलं होतं, ते आता न शिकवता थरथरू लागले. रांगेतच उभ्या असलेल्या बेलाईदसमोर तो थांबला. मेझ्यानने कॅमेरा दोघांवर रोखला. डोलाव मान, डोलाव! पण तो पुढे सरकला, रांग संपली तरी चालत राहिला आणि थेट कॅमेऱ्यासमोर येऊन उभा ठाकला.

"लुनिस, इकडे नाही रे..." मेझ्यान पुटपुटला.

"मेझ्यानदा," तेलघाणीकडून लुनिसची हाक आली, "हे पोतं उसवलंय हो! सुईदोरा मिळेल का?"

समोरच्याने मान डोलावली. एकदाच. मग हात पोत्याच्या काठाशी नेला.

"दाखवू...?"

हेच तर पाहायला मेझ्यान आला होता. आईने शेवटच्या आजारात हेच मागितलं होतं. पण त्या भोकांतले डोळे त्याच्याकडे मायेने बघत होते, आणि त्या मायेचीच त्याला भीती वाटली.

"नको..." तो म्हणाला आणि त्याने डोळे गच्च मिटले.

उघडले तेव्हा चिखलात नुसतं पोतं पडलं होतं. रांगेतल्या सगळ्यांच्या माना खाली. फक्त समोरच्या उंबऱ्यावर बसलेली म्हातारी यम्मा वर्दिया, जी युद्धाच्या वेळी परकरी पोर होती, टक लावून बघत होती.

"यम्मा, तुम्ही पाहिलंत... कोण होतं?"

"तेव्हाही पाहिलं होतं," म्हातारी हळूच म्हणाली. "तेव्हा नाही सांगितलं, लेकरा. आणि आता तर तूच नको म्हणालास."

मेझ्यानने वाकून पोतं उचललं. आतून ते उबदार होतं, ओलसर. आणि त्याच्या हातात ते हळूहळू फुगत होतं, बसत होतं... पुन्हा फुगत होतं.