चार सेकंदांची शरणागती

शत्रूचं खरं मोठेपण त्याच्या पराभवात असतं, असं गनिमाचं ठाम मत होतं. तो स्वतः आयुष्यात फक्त ऑफिसातल्या कॉफी मशीनशी लढला होता, आणि तो निकालही मशीनच्या बाजूने लागला होता.

गनीम हे त्याचं ऑफिसातलं नाव. संगणकावरचे डावपेचांचे खेळ बनवणाऱ्या कंपनीत तो खेळाडूंसाठी शत्रू तयार करायचा. नकाशावर दोन राज्यं, एक तुमचं, एक संगणकाचं. किल्ले बांधा, सैन्य हलवा, धान्य पुरवून वापरा. संगणकाचं राज्य कसं लढेल, आणि मुख्य म्हणजे कसं हरेल, हे गनीम ठरवायचा. जिंकणारा शत्रू काय, कोणीही सोम्यागोम्या बनवतो, तो म्हणायचा. देखणं हरणारा बनवायला अक्कल लागते.

त्याच्या मते खेळाडू ही जात मुळात लाडावलेली. हरवलं की रुसणार, सहज जिंकू दिलं की कंटाळणार. शत्रूला चाल सुचायला पापणी लवण्याइतकाही वेळ लागत नाही, पण त्याने लगेच चाल केली तर यांचा अपमान होतो. म्हणून चार सेकंद थांबायचं. तेवढ्यात खेळाडूला वाटतं, आपण याला घाम फोडला. मग शत्रूने नेटाने लढायचं, एखादा किल्ला घ्यायचा, समोरच्याच्या पोटात गोळा आणायचा आणि शेवटी एक दरवाजा किलकिला ठेवायचा. सताड नाही. भीक घातल्यासारखं वाटता कामा नये.

चाचणीच्या खोलीतून, खेळ खेळून बघायला बोलावलेले एक दंतवैद्य लालबुंद चेहऱ्याने बाहेर आले.

"भलताच बेरकी आहे हो तुमचा शत्रू! पण त्याचा उत्तरेचा दरवाजा मी बरोबर हेरला."

"वा! फार थोड्यांना दिसतो तो," गनीम म्हणाला.

त्या आठवड्यातल्या त्या थोड्यांपैकी हे एकोणिसावे.

गनिमाची बायको पुलांची तपासणी करायची. खांबावर हातोडी ठोकून नुसत्या आवाजावरून आतला तडा ओळखायची. तिला दूरच्या एका बंदरावर दोन वर्षांसाठी बदली मिळत होती. तिला जायचं होतं, त्याला ती जायला नको होती. एवढ्या एका गोष्टीवर घरात आठवडाभर खडाजंगी चालली. तिचे मुद्दे बिनतोड होते, त्याचे जुनेच होते.

रविवारी सकाळी ती कपड्यांच्या घड्या घालत होती.

"तू गेलीस तर या घराचं लॉज होईल," तो म्हणाला.

उशीचा अभ्रा हातात धरून ती थांबली. मग म्हणाली, "बरं. राहिलं. तुमचंच खरं."

गनीम इतका खूश झाला, की त्याने स्वतः उठून चहा केला आणि वर तो चांगला झाल्याचंही स्वतःच सांगितलं.

सोमवारी पार्किंगमध्ये वॉचमन आडवा आला. "इथं गाडी लावायची नाही." गनिमाने हुज्जत घातली. वॉचमनने दुप्पट घातली. नियम, सोसायटी, मागच्या वेळचा तमाशा, सगळं काढलं. मग तोंड तसंच उघडं ठेवून तो थांबला. "बरं साहेब, लावा. तुमचंच खरं."

मंगळवारी मॅनेजर. या माणसाने सात वर्षांत स्वतःचं म्हणणं सोडा, खुर्चीसुद्धा मागे घेतली नव्हती. विषय साधा होता: 'कठीण' पातळीवर शत्रूला चोरून जास्त धान्य द्यायचं की नाही. मॅनेजर टेबलावर मूठ आपटत भांडला आणि मूठ वरच्या वर ठेवून थांबला. गनिमाने पहिल्यांदाच घड्याळ पाहिलं.

चार सेकंद.

"तुमचंच खरं," मॅनेजर म्हणाला आणि मूठ हळूच खाली ठेवली.

बुधवारी गनीम पाच जणांशी भांडला आणि पाचही वेळा जिंकला. प्रत्येकाने घाम काढला. प्रत्येकाची पापणी अगदी शेवटी चार सेकंद हलली नाही.

गुरुवारी सकाळी स्वयंपाकघराच्या खिडकीतून ऊन थेट भांड्यांवर पडलं होतं. बायको दुधाजवळ उभी होती.

"ही खिडकी पश्चिमेला आहे," गनीम म्हणाला.

"काहीतरीच काय अहो! समोर सूर्य उगवतोय."

"मावळत असेल."

"सकाळी सात वाजता?" ती हसली. पर्समधून कामाचं होकायंत्र काढून तिने ओट्यावर ठेवलं. "घ्या. शाळेत शिकवलं होतं ना, की त्या दिवशी दांडी?"

"काटा बिघडलाय."

तिचं हसू जिथे होतं तिथेच राहिलं. दूध वर आलं, पातेल्याच्या काठावरून उतरलं, गॅसवर चरचरलं. तिने तिकडे पाहिलं नाही.

"हो की," ती म्हणाली. "पश्चिमच. तुमचंच खरं."

मग तिने गॅस बंद केला आणि फडकं घेतलं. गनिमाच्या अंगावर काटा आला. आणि लाज वाटावी अशी गोष्ट म्हणजे, त्याच वेळी त्याला बरंही वाटलं. अगदी दंतवैद्यांना वाटलं होतं तसं.

तो तडक ऑफिसात गेला. प्रोग्रामर मुलगी डबा उघडत होती.

"शत्रूचे ते चार सेकंद काढून टाक. आणि तो दरवाजाही."

"कुठले चार सेकंद, सर?"

"चालीआधीचे! मी लिहून दिलेले."

"ते मी अजून घातलेच नाहीत. दरवाजाही नाही. यादीत आहे ना, पुढच्या महिन्यात." तिने यादी दाखवली. खरंच होतं.

"मग एकोणीस माणसं जिंकली कशी?"

"मला वाटलं, लोक चांगले खेळतायत."

"लोक?" गनिमाचा आवाज चढला. "लोक चांगले खेळतायत? तूच घातलं असणार आणि विसरलीस!"

तिने तोंड उघडलं. घास वाटेतच थांबला. पडद्यावरची उभी रेघ लुकलुकत राहिली.

"हो सर, घातलंय," ती म्हणाली. "तुमचंच खरं."

गाडी ऑफिसातच ठेवून गनीम दुपारीच रिक्षाने घरी आला. वाटेत त्याने कोणाशी वाद घातला नाही. रिक्षावाल्याने लांबून नेलं, तरी मागितले तेवढे पैसे दिले. त्याच्या डोक्यात एकच होतं. बायको त्याच्याशी खरंच भांडली होती की नाही, ती खरंच राहणार होती की नाही. ते कळण्याचा एकच मार्ग उरला होता.

ती दारातच भेटली.

"अगं ऐक. तू जा बदलीवर. मी हरलो."

"आता हे काय नवीन?" ती उसळली. "आठवडाभर डोकं खाल्लंत माझं! तुमच्या जेवणाचं काय? गुडघ्याचं काय? घराचं लॉज होईल म्हणालात ना?"

"होऊ दे."

"आणि साधा गॅसवाल्याचा नंबर माहीत आहे का तुम्हाला? मी कुठेही जात नाही."

ती तावातावाने बोलत होती. त्याचा एकेक मुद्दा खोडत होती. गनिमाला आशा वाटू लागली. ही जिंकेल. ही आता जिंकेलच. त्याचे डोळे भरून आले.

"तिकडचे पूल..." तो कसाबसा म्हणाला. "तपासायला हवेत कोणीतरी."

अगदीच लंगडा मुद्दा.

ती थांबली.

पापणी नाही. श्वास नाही.

तो मोजत होता.

"बरं," ती म्हणाली. "जाते. तुमचंच खरं."

आत जाऊन तिने पलंगाखालून बॅग ओढली. बॅग भरलेली होती. बाहेरच्या कप्प्यात तिकीट होतं, ते गनिमाने काढून पाहिलं.

उद्या सकाळचं, एकेरी. काढल्याची तारीख खाली बारीक अक्षरांत होती. बदलीचा विषय घरात पहिल्यांदा निघाला, त्याच्या आदल्या दिवसाची.