पितळी अंगुस्तान

"सिस्टर... हे पाणीच आहे हो."

अकरा वर्षं झाली, पण हा आवाज माझ्या मावशीच्या कानातून जात नाही. पटलं तर घ्या, नाहीतर सोडून द्या. मावशी उगाच काहीबाही सांगणारी बाई नव्हे. आजही दुपारी तीनला ती घरात भांडं वाजू देत नाही.

तेव्हा ती कॅन्सरच्या वॉर्डात नर्स होती. नऊ नंबरच्या खाटेवर एक शिंपीणबाई. जन्म गेला दुसऱ्यांच्या लेकींचे झगे शिवण्यात. आता दुखणं हाडांत उतरलेलं. बोटात मात्र शिवताना घालायचं पितळी अंगुस्तान तसंच. कळ आली की ओरडायची नाही. अंगुस्तान खाटेच्या दांडीवर आपटायची.

टक... टक... टक.

त्या दुपारी तीन वाजता कपाटात मॉर्फिनची एकच कुपी उरली होती.

डॉक्टर म्हणाले, "स्पेशल रूमला द्या. साहेबांचा गुडघा ठणकतोय."

"आणि नऊ नंबर?"

"वॉर्डातल्यांना सवय असते हो. सलाईनचं पाणी टोचा."

मावशीने टोचलं. "सिस्टर... हे पाणीच आहे हो," बाई कण्हली. मावशी वर म्हणाली, "औषधच आहे, बाई."

स्पेशलमध्ये साहेब तोंड वासून घोरत होते. उशीवर लाळ. मावशीला शिसारी आली... त्यांची नव्हे, स्वतःच्या हातांची.

संध्याकाळी टकटक थांबली. कायमची.

दुसऱ्या दिवशी तीन वाजता...

टक... टक.

खाट रिकामी. चादरीवर सुरकुतीसुद्धा नाही.

"उंदीर असेल," आयाबाई हसली.

"पितळेचा?"

आयाबाई हसायची थांबली.

पुढचं त्याहून वाईट. नवा साठा आला, तरी मावशीच्या हातचं औषध कुणाला लागू पडेना. दुसऱ्या नर्सने टोचलं की पेशंट झोपायचा. मावशीने टोचलं की डोळे सताड उघडे.

"सिस्टर, पाणी दिलंत का?"

प्रत्येक जण हेच विचारायचा.

महिन्याने शिंपीणबाईची मुलगी आली. वॉर्डासाठी उशांचे अभ्रे शिवून आणले होते.

"आईला शेवटी तुम्ही दुखू दिलं नाहीत. तेवढ्यावर मी झोपते, सिस्टर."



टक... टक...

मुलगी दचकली. नऊ नंबरकडे बघत राहिली.

"हा तर आईचा... पण अंगुस्तान माझ्या पिशवीत आहे!"

तिने ते तळहातावर काढून दाखवलं. आवाज थांबला. जणू कुणीतरी ऐकायला थांबलं होतं...

मावशी म्हणाली,

"ते पाणी होतं, बाळा. तुझ्या आईचं औषध मी दुसऱ्याला टोचलं."